पडद्यावरच्या राऊटरवर शिकलेली अलिजा

आजच्या या निरोप समारंभाचे अध्यक्ष, आपल्या तंत्रनिकेतनाचे प्राचार्य आदरणीय उत्तरेश्वर सुरवसे सर. प्रमुख पाहुण्या, उमरग्यातल्या दोन पिढ्यांची नाडी ज्यांच्या बोटाखालून गेली त्या डॉक्टर शिवांजली कोराळे मॅडम. व्यासपीठावरचे माझे सहकारी. समोर बसलेले पालक, त्यातही दुसऱ्या रांगेतले चाँदपाशाभाई अत्तार आणि कुलसुमभाभी. मागं उभे असलेले, कारण खुर्च्या कमी पडल्या, असे माझे विद्यार्थी. आणि जिच्यासाठी हा हार, हे बुके आणि हा माइक आणलाय, ती आमची अलिजा. आपणा सर्वांना माझा नमस्कार आणि आदाब.

सूत्रसंचालन करणाऱ्या मुलीनं आत्ता माझी ओळख करून देताना म्हटलं, की मल्लिनाथ बिराजदार सर आपल्या ओघवत्या शैलीत बोलतील. बाई गं, आज ओघ कुठला? पाण्याचा ग्लास मी दोनदा उचलून तसाच खाली ठेवला, हे पहिल्या रांगेनं पाहिलंच असेल. ताप वगैरे काही नाही, मॅडम, घाबरू नका. ही भीती आहे.

माझ्या खिशात चार पानांचं भाषण आहे. त्यात अलिजाची जिद्द आहे, संस्थेचं योगदान आहे, ग्रामीण भागातली गुणवत्ता आहे. प्राचार्य सरांचं नाव सहा वेळा आहे. ते वाचलं तर सात मिनिटांत संपेल, टाळ्या होतील आणि बाहेरचे पोहे गरम आहेत तोवर आपण सगळे मोकळे होऊ. पण ते मी वाचणार नाही. कारण आपण ज्या मुलीला निरोप द्यायला जमलोय, ती जाणार की नाही हेच अजून ठरलेलं नाही.

हो. तुम्ही बरोबर ऐकलंत. हैदराबादच्या एका कंपनीनं तिला नेटवर्कच्या कामासाठी निवडलंय, सोमवारी सकाळी नऊला हजर व्हायचंय, उद्याच्या गाडीचं तिकीट काढलंय. आणि तरी ठरलेलं नाही. ते ठरायचंय माझ्या या भाषणावर. आता सांगा, पाण्याचा ग्लास उचलवेल का?

चाँदपाशाभाई, सकाळचं आपलं बोलणं मी चारचौघांत काढतोय. राग मानू नका. झालं असं, की आज सकाळी साडेसातला अलिजाचे हे वडील माझ्या घरी आले. तुम्ही बहुतेक त्यांना ओळखता. हायवेच्या कडेला त्यांचं गॅरेज आहे, ट्रकचे डिझेल पंप दुरुस्त करतात. सोलापूर ते हैदराबाद या रस्त्यावर कुणाचा पंप बसला तर तो ड्रायव्हर उमरग्यात येऊन आधी चाँदभाई कुठं बसतात ते विचारतो, मग हॉटेल. तर ते आले, चहा घेतला नाही, उभ्या उभ्याच बोलले.

“सर, चार दिस झालं जेवन गोड लागंना,” म्हणाले. “पोरगी मशिनीचं काम करायला निघाली, आन् मशीन तिनं हातात घेतली न्हाय. तुमच्या लॅबमधी समदी चित्रातली मशिनी. चित्रातला पंप खोलून कोन मिस्त्री झालाय का? तिकडं तिच्या हातनं काय बिघडलं, लोकांचं नुकसान झालं, तर म्या कुनाला तोंड दावू?”

ते पुढं म्हणाले, “तुमी खऱ्या मशिनीतले मानूस. दवाखान्याचं काम तुमी केलं, समद्या गावानं बघितलं. एक साल तुमच्या हाताखाली ठेवतो तिला. मग जाऊ द्या कुठं बी. तुमी थांब म्हनलं तर आजच्या आज तिकीट रद्द करतो. जा म्हनलं तर जाईल. तुमच्या शब्दावर सोडलंय.”

गावात दोघं-तिघं कुजबुजताना मी ऐकलंय, की बाप मुलगी म्हणून अडवतोय. साफ खोटं आहे. प्रवेशाच्या पहिल्या दिवशी तिच्यासोबत हेच आले होते, फॉर्मवर सही करताना बोटाचं ग्रीस लागलं, तो काळा डाग अजून आमच्या दप्तरात आहे. त्यांची भीती कारागिराची भीती आहे. हात बसलेला नसताना कुणाच्या मशीनला हात लावू नये, हा त्यांचा धर्म आहे. आणि मंडळी, त्या भीतीला माझ्याकडं सकाळी उत्तर नव्हतं असं नाही. होतं. पण मी काय म्हणालो? “बघू. कार्यक्रमात बोलू.” ते गेले. आणि दहा वाजता अलिजाचा फोन आला, “सर, अब्बांना काय सांगितलंत?” तिलाही मी तेच म्हणालो. बघू.

आता ते उत्तर द्यायचं तर आधी आमची लॅब काय आहे ते सांगायला पाहिजे, म्हणजे पुढचं कळेल.

राऊटर म्हणजे काय? आपल्या एस.टी. स्टँडवरचा कंट्रोलर. कुठली गाडी कुठल्या फलाटाला लागणार, कुठला रस्ता बंद आहे, मग ती कुठून वळवायची, हे तो सांगतो. राऊटर हेच काम संदेशांसाठी करतो. तुम्ही इथून मुलाला व्हिडिओ कॉल लावता, तो वाटेत अशा पाच-पंचवीस कंट्रोलरांच्या हातातून जातो. ही मशिनं महाग असतात. आपल्या लॅबसाठी एक तरी घ्यावं असा प्रस्ताव मी तीनदा दिला. प्राचार्य सर, हसू नका, तिन्ही प्रस्ताव तुमच्याच टेबलावर आहेत, मी पाहिलेत, त्यावर तुमचं पेपरवेट आहे.

मग आम्ही काय करतो? त्या मशीनच्या पोटातलं जे सॉफ्टवेअर असतं, ते जसंच्या तसं एका फाईलमध्ये मिळतं. तिला आम्ही इमेज म्हणतो. शिकण्यासाठी मोकळी ठेवलेली इमेज घ्यायची, कुणाची चोरलेली नाही, ती आपल्या साध्या संगणकावर चढवायची, की तो संगणक स्वतःला राऊटर समजायला लागतो. एका संगणकात असे पाच राऊटर बसतात. सहावा चालू केला की पंखा बोंबलतो आणि पहिला मान टाकतो. मुलांना ओळखीचं वाटावं म्हणून आम्ही त्यांना गावांची नावं देतो. एक उमरगा, एक जळकोट, एक वाशी. पडद्यावर त्यांच्यामध्ये रेघा ओढायच्या, त्या वायरी. मग मी सांगतो, जळकोटची वाट बंद केली, आता उमरग्याचा निरोप वाशीला कसा जाईल ते दाखवा.

यावरून एक गंमत झाली होती. जळकोटचे सिद्धेश्वर काका मुलाचा दाखला न्यायला आले होते. लॅबच्या दारात पोचले आणि आतून कुणीतरी ओरडलं, “सर, जळकोट पडलं! वाशीकडनं बी वाट न्हाय!” काकांनी दाखला तिथंच टाकला आणि घरी फोन लावला, की सगळे बरे आहात ना. काका आज आलेत का? आलेत. काका, जळकोट अजून उभं आहे.

हसलात, बरं वाटलं.

तर अशा लॅबमध्ये मी नऊ वर्षं शिकवतोय. तिथली सगळ्यात मोठी सोय म्हणजे काहीही बिघडलं तरी चालतं. बिघडायच्या आधीची अवस्था संगणकात जपून ठेवता येते, आणि गोंधळ झाला की बटण दाबून मागं जाता येतं. म्हणून मी मुलांना सांगत आलो, मोडा! बिनधास्त मोडा! अडकलात तर सगळं पुसून टाका, नव्यानं भरा, वेळ घालवू नका. किती मुलं या वाक्यावर मोठी झाली असतील? दीड-दोनशे. या श्रावणापासून मला या वाक्याची भीती वाटायला लागलीय.

आणि आता जे सांगायचं ते सांगतो. मंडळी, मी, मल्लिनाथ बिराजदार, नेटवर्किंगचा अधिव्याख्याता, या श्रावणापर्यंत खरा राऊटर कधी चालवलेलाच नव्हता. मीही इमेजवरच शिकलो. प्रदर्शनात काचेमागं पाहिला होता, एवढंच. शाळेत पोहण्याचा तास घेणाऱ्या मास्तरानं विहीर पाहिलेली नसावी, तशी माझी गत. हे माझ्या बायकोलासुद्धा माहीत नव्हतं. ती तिकडं डाव्या बाजूला बसलीय आणि आत्ता तिला कळतंय.

श्रावणातला बुधवार. दुपारी बाराच्या सुमाराला कोराळे मॅडमचा फोन आला. त्यांच्या दवाखान्याच्या दोन इमारती आहेत, जुनी आणि बोळाच्या पलीकडं नवी. जुन्या इमारतीतले रक्ताचे रिपोर्ट, एक्स-रे नव्या इमारतीत दिसेनासे झाले होते. तिथं अतिदक्षता विभाग आहे. वॉर्डबॉय कागद घेऊन बोळातून पळत होते. नेटवर्क बसवणारा माणूस सोलापूरला, आणि नळदुर्गजवळ कंटेनर आडवा झालेला, तो संध्याकाळशिवाय येत नाही. मॅडम म्हणाल्या, “सर, तुम्ही शिकवता ना हेच? याल का?”

तेव्हा मला खरं सांगता आलं असतं. मॅडम, मी शिकवतो, पण केलेलं नाही, एवढं एक वाक्य. पण नऊ वर्षं लोक आपल्याला सर म्हणतात ना, ते अंगात भिनतं. मी म्हणालो, “गाडी पाठवा, आलोच.” अलिजा लॅबमध्ये होती. म्हटलं चल, तुला खरं काम दाखवतो.

जिन्याखाली एक खोली आहे. तिथं लोखंडी मांडणीत राऊटर बसवलेला. दार उघडलं आणि आधी अंगावर उकाडा आला, मग आवाज. आमच्या लॅबमध्ये राऊटर बोलत नाही, मंडळी, हा घरघरत होता. पन्नासेक वायरी, सगळ्या एकाच रंगाच्या, एकमेकीत गुंतलेल्या. लॅपटॉप जोडायची एक वेगळी वायर असते, तिचं चित्र मी दरवर्षी फळ्यावर काढतो. ती कुठल्या भोकात जाते ते मला सापडेना! मी चष्मा पुसला. उगाच पुसला, काचा स्वच्छ होत्या. अलिजा खाली बसली, मशीनच्या तोंडावरची बारीक अक्षरं बोट फिरवून वाचली आणि म्हणाली, “सर, हे बगा, इथं हाय.”

पासवर्ड मॅडमच्या डायरीत होता. लॅपटॉप जोडला, पडदा उघडला, आणि तो पडदा ओळखीचा निघाला. माझ्या जिवात जीव आला. नव्या इमारतीकडची वाट बंद दिसत होती. आता आमच्या लॅबमध्ये वाट बंद दिसली, की कुणीतरी कुठंतरी चुकीची ओळ लिहिलेली असते. दुसरं कारणच नसतं. मी ती चुकीची ओळ शोधायला लागलो. आत शेकडो ओळी होत्या, कुण्या माणसानं कैक वर्षांपूर्वी लिहिलेल्या. अर्धा तास गेला. घाम पडद्यावर टपकला. बाहेरून कंपाउंडर दर दोन मिनिटांनी विचारतोय, “सर, किती येळ?” वरून नर्स विचारतेय. मी वैतागलो आणि म्हणालो, “अलिजा, सगळं पुसून टाक. नव्यानं भरू.”

मॅडम, तुमच्याकडं बघून हे वाक्य पुन्हा म्हणायला मला किती कष्ट पडतायत ते मलाच ठाऊक. सगळं पुसून टाक, असं मी तुमच्या दवाखान्यात म्हणालो.

अलिजानं लॅपटॉपवरून हात काढून घेतला. “सर, न्हाय,” म्हणाली. “आत काय काय लिवलंय ते आपल्याला ठाव न्हाय. ह्याचं मागचं कुठं ठेवलेलं न्हाय. पुसलं तर परत कुठनं आनायचं?”

आणि मी तिच्यावर ओरडलो. कंपाउंडरसमोर. “सर मी आहे का तू?” असं. तिनं मान खाली घातली. पण हात पुढं केला नाही. मी स्वतः टाइप करायला वाकलो तर तिनं लॅपटॉप अलगद स्वतःकडं ओढला आणि म्हणाली, “सर, आदी ह्याची नक्कल उतरवून घेते. दोन मिनिटं. मग तुमी म्हनाल ते.”

तिनं त्या सगळ्या ओळींची नक्कल लॅपटॉपवर उतरवली. मग नर्सकडं चिकटपट्टी मागितली, जखमेला लावतात ती. तिचे छोटे छोटे तुकडे केले, आणि मांडणीतल्या एकेका वायरीला एक तुकडा, त्यावर पेनानं आकडा. एक, दोन, तीन. मी चिडून विचारलं, हे काय चालवलंयस? ती म्हणाली, “अब्बा पंप खोलायच्या आदी खडूनं खुना करतात, सर. कुठलं कुठं व्हतं ते ठाव असल्याबिगर हात लावायचा न्हाय म्हनतात.”

चाँदपाशाभाई, हे तुम्हाला माहीत नाही. मला माहीत आहे की तुम्हाला माहीत नाही, कारण तिनं घरी सांगितलं असतं तर तुम्ही सकाळी माझ्या दारात आलाच नसता.

मग तिनं आकडे लावलेल्या वायरी एकेक करून बोटानं चाचपल्या. ओढल्या नाहीत, नुसत्या चाचपल्या. एकोणीस नंबरच्या वायरीचं टोक हललं. त्या टोकाला प्लॅस्टिकची एक छोटी जीभ असते, ती तुटलेली होती, म्हणून टोक भोकात घट्ट बसत नव्हतं. जिना झाडताना केरसुणी लागली असेल, काय असेल. तिनं ते टोक आत दाबलं आणि चिकटपट्टीनं जखडून टाकलं. मशीनवरचा हिरवा दिवा लागला. वरून नर्सचा आवाज आला, “आलं! रिपोर्ट आलं!”

वायर ढिली होती, मंडळी. बस्स. आमच्या लॅबमध्ये वायर म्हणजे पडद्यावरची रेघ, आणि रेघ कधी ढिली होत नाही. म्हणून वायर बघावी हे माझ्या डोक्यातच आलं नाही. गल्लीतलं शेंबडं पोरगंसुद्धा आधी वायर हलवून बघेल, आणि मी एका ढिल्या वायरीपायी अख्ख्या दवाखान्याचं लिहिलेलं पुसायला निघालो होतो. पुढं घरी मी ती नक्कल वाचली. तीनशेसाठाव्या ओळीच्या आसपास ऑक्सिजनच्या खोलीतून नर्सच्या टेबलापर्यंत जाणाऱ्या गजराची वाट लिहिलेली होती. ती तेव्हाही चालू होती. मी पुसली असती तर गजर मुका झाला असता, आणि मुका झालाय हे कुणाला कळलंही नसतं. गजराची गरज पडेपर्यंत.

ते वाचून मी उठून पाणी प्यायलो. तेव्हापासून ती भीती माझ्यातून गेलेली नाही. वर्गात कुणी पुसायचं बटण दाबायला गेलं, की मी उठून त्याच्या मागं जाऊन उभा राहतो.

पण मी अजून सगळं सांगितलेलं नाही. दिवा लागल्यावर मॅडम जिना उतरून आल्या. त्यांनी विचारलं, “सर, झालं?” आणि मी म्हणालो, “झालं.”

एवढंच म्हणालो. खोटं कुठं बोललो? झालंच होतं. मॅडमनी हात जोडले, मी मान तुकवली. अलिजा मागं चिकटपट्टीचे उरलेले तुकडे गोळा करत होती. पुढं दवाखान्याच्या वर्धापनदिनी मला शाल मिळाली, नारळ मिळाला. पेपरात बातमी आली, प्राध्यापकाच्या कौशल्याने दवाखान्याची यंत्रणा पूर्ववत. ती बातमी चौकटीत घालून दवाखान्याच्या भिंतीवर लावलीय. त्या सत्काराला अलिजा तिसऱ्या रांगेत होती. तिनं टाळ्या वाजवल्या. मी तिच्याकडं बघितलं नाही, आणि घरी जाताना नारळ मात्र बरोबर नेला.

प्राचार्य सर घड्याळाकडं बघतायत. सर, अजून तीन मिनिटं द्या. पाहिजे तर पुढच्या वर्षीचं माझं भाषण रद्द करा. या सभागृहात सतरा मुलांचे पालक बसलेत, उद्या ते म्हणतील, असल्या मास्तरकडं आमची मुलं कशाला ठेवायची? म्हणू द्या. त्यांना तो हक्क आहे. माझी झोप त्या विचारानंही उडालीय. पण आज प्रश्न अलिजाच्या तिकिटाचा आहे.

हैदराबादच्या मुलाखतीत तिला विचारलं, खरं मशीन कधी हाताळलंयस का? चाँदपाशाभाई, तुमच्या मनात हीच शंका होती ना, की पोरगी तिथं काही फुगवून बोलली असेल? ती म्हणाली, “एकदाच. पाऊण तास. दवाखान्यात. वायर ढिली व्हती.” समोरच्यांनी विचारलं, तू काय केलंस? त्यावर ती म्हणाली, आम्ही आधी नक्कल काढली, मग वायरींना आकडे लावले. परत आल्यावर तिनं मला हे सगळं सांगितलं आणि वर म्हणाली, “सर, म्या एकटीचं नाव न्हाय घेतलं. ‘आमी’ असंच म्हनले.” कशासाठी? तर माझी लाज राहावी म्हणून. परक्या शहरात, स्वतःच्या नोकरीच्या मुलाखतीत, तिनं माझी लाज राखली. आणि मी उमरग्यात, तिच्या घरापासून दोन गल्ल्यांवर, तिचं काम माझ्या नावावर लावून शाल पांघरून बसलो.

म्हणून आता तुमच्या सकाळच्या प्रश्नाला उत्तर देतो, चाँदपाशाभाई. तुम्ही म्हणता, एक वर्ष सरांच्या हाताखाली ठेवतो. काय शिकवू मी तिला? पुसून टाकायला? जे मी शिकवलं त्यानं त्या दिवशी घात झाला असता. जे तुमच्या गॅरेजात तिनं लहानपणापासून बघितलं, त्यानं तो टळला. तिला मशीन हातात घ्यायला कुणी शिकवलं असेल तर ते तुम्ही. मी तिला त्या मशीनची भाषा तेवढी शिकवली, आणि ती तिला माझ्याहून चांगली येते.

तुम्ही विचाराल, तिकडं तिच्या हातून काही बिघडणार नाही याची खात्री आहे का? नाही. मला भीती वाटते. तिथं मांडणीच्या मांडणी मशिनं असतील, हजारो लोकांचं काम त्यांवर चालत असेल, आणि मागं नेणारं बटण तिथं नसेल. ती चुकू शकेल. पण माझ्या पाहण्यात आलेल्या सगळ्या मुलांत आणि मास्तरांत, हात लावायच्या आधी थांबणारी ती एकटीच आहे. तुम्ही माझ्या शब्दावर सोडलंय. माझ्या शब्दाची किंमत काय उरली ते तुम्ही आत्ता ऐकलंत. तरी मागितलाय म्हणून देतो. तिला जाऊ द्या.

चाँदपाशाभाई उभे राहिलेत. बोला, भाई. कुणीतरी माइक द्या त्यांना. नको? नको म्हणतायत. मागं ऐकू येत नाही, थांबा, मी सांगतो. ते विचारतायत, “सर, ती ढिली वायर तिनं पडद्यावर बघून धरली का हातानं?”

हातानं, भाई. एकेक चाचपून. एकोणीस नंबरला सापडली.

काय म्हणालात?

मंडळी, ते म्हणाले, “मग गाडी किती वाजता हाय ते सांगा. डबा करायला लागंल.”

सकाळी साडेदहाला, भाई. साडेदहाला.

जरा थांबतो. ग्लास द्या तो. हां.

आता रीतीप्रमाणे आभार मानायला हवेत. प्राचार्य सरांनी वेळ दिला आणि मधेच माइक काढून घेतला नाही, त्यांचे आभार. पेपरवेट जरा बाजूला सरकवा, एवढी विनंती. कोराळे मॅडम, आपण कान देऊन ऐकलंत. भिंतीवरची ती चौकट उद्या उतरवा, आणि त्या मशीनच्या ओळींची नक्कल दर महिन्याला काढून ठेवायला सांगा, पहिली नक्कल मी उद्याच आणून देतो. कुलसुमभाभी, तुम्ही रडू नका, डब्यात काय द्यायचं त्याचा विचार करा. खुर्च्या लावणाऱ्या, दरवाजात ताटकळणाऱ्या सगळ्या मुलांचे आभार. सोमवारपासून लॅबमध्ये पुसायच्या आधी नक्कल काढायची, न काढणाऱ्याला मी वर्गाबाहेर उभं करीन, मास्तर कसलाही असला तरी.

भाषणात लांबण लागली, कुणाला उणं-अधिक बोललो, पाहुण्यांच्या मानात काही कमी पडलं, तर सभेनं ते पदरात घ्यावं. एक चूक मात्र सभेनं पदरात घेऊ नये. ती माफ करणं सभेच्या हातात नाही, एका मुलीच्या हातात आहे, आणि काय करायचं ते तिनं ठरवावं. तिचं श्रेय मी लोकांसमोर घेतलं, तेव्हा माफीही लोकांसमोरच मागायला हवी. अलिजा, मला माफ कर.